कागद जळाले, दावा नाही
(वनहक्क शिबिरात मेळघाटातल्या एका गावाच्या वतीने केलेलं भाषण)

धारणी-चिखलदऱ्याहून आलेल्या आणि पुनर्वसनात अकोट-तेल्हाऱ्याकडे गेलेल्या भावाबहिणींनो,

आमच्या गावात वणवा शिरला हे तुम्ही ऐकलंच आहे. मार्चची दुपार, डोंगरावरून वारा. आपल्या कोरकू गावात घरं समोरासमोर दोन ओळींत, एकाला एक लागून. एक ओळ गेली. दुसरी वाचली, कारण बाया हापशीवर थांबल्या नाहीत. त्यांनी मधल्या रस्त्यातला पाला, कुटार ओढून काढलं आणि हिरव्या फांद्यांनी आग झोडपली. दोर कापले म्हणून ढोरं वाचली. कोठीतली ज्वारी गेली.

महिनाभर चूल एकच होती. शेजारच्या गावांनी बांबू दिले, कवेलू दिले.

पण घरांबरोबर पेट्याही जळाल्या. त्यात दाव्याचे कागद होते, दंडाच्या जुन्या पावत्या होत्या. एक साहेब म्हणाले, "पुरावा नाही, त दावा कायचा?" आम्हीही आधी मान खाली घातली. मग नियम वाचून घेतले. नियम 13 मध्ये नुसता कागद नाही. घर, बांध, विहीर, मरघट, देवाची जागा, म्हाताऱ्यांचा लिहून घेतलेला जबाब, हेही पुरावेच आहेत. फक्त एकापेक्षा जास्त पाहिजेत. आदिवासीला 13 डिसेंबर 2005 च्या आधीपासूनचा ताबा दाखवायचा आहे. तीन पिढ्यांची अट आपल्याला नाही. आंब्याखालचे वाडवडलांचे मुंडे आगीतून वाचले होते. ग्रामसभेने त्यांची नोंद घेतली. ज्यांचे दावे आधीच वर गेले होते त्यांनी उपविभागीय समितीकडे नकला मागितल्या.

आग कोणी लावली? पंचनाम्यात 'मोह वेचणारे' असं लिहिलं. पाहिलं कोणीच नाही. पण मोहाखालचा पाला जाळायची सवय आपल्यात आहे, ते लपवून काय होणार? आता आम्ही पाला झाडून बाजूला करतो. कलम 5 प्रमाणे ग्रामसभेची समिती केली, जाळरेषा आम्हीच साफ करतो. अचलपूर तालुक्यातल्या पायविहीरला 2012 साली सामूहिक हक्क मिळाला. लोकांनी उजाड डोंगर राखला, आता तिथली सीताफळं बाजारात जातात. आमचा सामूहिक दावा अजून व्हायचा आहे.

आमच्या दोन म्हाताऱ्या आज सोबत आल्या आहेत. त्यांचे जबाब राहिले आहेत. जेवणानंतर लिहायचे आहेत. ज्यांना कोरकू समजते आणि मराठी लिहिता येते त्या पोरापोरींनी थांबावं.