धरतरीची लेकरे

(डोंबिवली येथे झालेल्या व्याख्यानाचा संपादित अंश)



अश्विन वद्य द्वादशीला आपल्या घरी वसुबारस साजरी होते. सवत्स धेनूचे पूजन होते. त्याच दिवशी येऊरच्या पाड्यांवर आणि डहाणू-जव्हारच्या रानांत वारली बांधव वाघबारस पाळतात. लाकडाच्या वा दगडाच्या पाटावर कोरलेला वाघोबा, त्याच्या माथ्यावर सूर्य-चंद्र. तिथी एक, एकीकडे गाय, दुसरीकडे वाघ. संस्कृतीचा प्रवाह एकच असल्याची याहून सुंदर खूण कोणती?

वारल्यांच्या मनी जमीन म्हणजे 'धरतरी', साक्षात माता. धान्य म्हणजे 'कणसरी' देवी. नवे पीक आधी देवाला, मग मुखी. विवाहाचा चौक सुवासिनी लिहितात, त्यात पालघट देवी विराजमान होते. जिव्या सोमा म्हशे यांनी हीच चित्रलिपी जगभर पोचविली. २०११ साली त्यांना पद्मश्री मिळाली. अंथरुणातून उठताच, पाऊल टेकण्यापूर्वी भूमातेची क्षमा मागण्याचा संस्कार आपल्याकडेही आहे. आपण तो पाठ करतो, वनवासी तो जगतो.

ऑस्ट्रेलियाच्या वाळवंटातील उलुरू हा महाशिलाखंड तेथील अनंगू लोकांचे पवित्र स्थान. १९८५ साली ती भूमी त्यांना परत मिळाली. पण पर्यटकांचे त्यावर चढणे थांबायला २०१९ उजाडले. परक्यांच्या सत्तेने तेथे श्रद्धा तुडविली. आपल्याकडे मात्र स्वकीयांकडूनच उपेक्षा व्हावी, हे अधिक क्लेशदायक आहे.

शहापूरच्या भातसा धरणाचे पाणी मुंबई-ठाण्याला मिळते. त्याच तालुक्यातील पाड्यांवर उन्हाळ्यात टँकरची वाट पाहिली जाते. बारवी धरणाची उंची वाढली, त्यासाठी मुरबाडच्या गावा-पाड्यांनी घरे-शेते सोडली. आपल्या नळाला येणाऱ्या पाण्यात कुणाची तरी देवराई, कुणाचे तरी देवस्थान बुडालेले असते, याचे स्मरण आपल्याला किती वेळा होते?

१९५२ साली जशपूरला बाळासाहेब देशपांडे यांनी वनवासी कल्याण आश्रमाचे कार्य आरंभिले, ते याच जाणिवेतून. २००६ च्या वनहक्क कायद्याने कसत्या जमिनीवरील आणि सामूहिक वनांवरील हक्क मान्य केले. पण कागद मिळवून देण्यास, दाव्याचा पाठपुरावा करण्यास सुशिक्षित माणूस सोबत लागतो. भिंतीवर वारली चित्र टांगणे सोपे आहे. ते काढणाऱ्या हाताखालची भूमी त्याचीच राहावी, यासाठी महिन्यातील एक रविवार देणे हे खरे भूमिपूजन होय.