वाघोलीचा आक्षेप आणि संतांचं इंग्रजी



आपल्या संतांच्या इंग्रजी भाषांतरांवर बोलायचं ठरलं, तेव्हा या विषयाला वाघोलीइतकं शोभणारं गाव दुसरं नाही असं मला वाटलं. परमार्थाचा विचार कुणी सांगायचा आणि कोणत्या भाषेत सांगायचा, हा महाराष्ट्रातला मोठा वाद याच गावच्या एका विद्वानाने उभा केला होता. रामेश्वरभट्ट वाघोलीचे. इथून जवळच लोहगाव, तुकोबांचं आजोळ. तिथे तुकोबांच्या कीर्तनाला गावंच्या गावं लोटत. शूद्र जातीतल्या माणसाच्या तोंडून वेदांचा अर्थ प्रगट व्हावा, तोही मराठीत, हे रामेश्वरभट्टांना मान्य नव्हतं. त्यांच्या सांगण्यावरून अभंगांच्या वह्या इंद्रायणीत बुडवल्या गेल्या, असं परंपरा सांगते. ताहराबादच्या महिपतींनी १७७४ मध्ये ‘भक्तलीलामृत’ पूर्ण केलं, त्यात ही हकिगत विस्ताराने आली आहे.

त्या हकिगतीचा उत्तरार्ध आपण घाईने सांगतो, म्हणून मी त्यावर जरा थांबतो. हेच रामेश्वरभट्ट पुढे तुकोबांचे शिष्य झाले. चौदा टाळकऱ्यांत त्यांचं नाव घेतलं जातं. तुकोबांची जी आरती आजही घरोघर म्हटली जाते, तिच्या शेवटी नाममुद्रा रामेश्वरांची आहे. तुकोबांच्या थोरवीचे त्यांचे अभंग गाथेसोबत छापले जातात. शास्त्राचा एवढा अधिकार असलेला माणूस आपलं मत सर्वांदेखत बदलतो, ज्याला विरोध केला त्याच्या पायांशी बसतो आणि त्याच्याच भाषेत, त्याच्याच छंदात लिहू लागतो. वाघोलीने अभिमानाने सांगावी अशी ही गोष्ट आहे.

आज आक्षेपाची भाषा बदलली आहे. ‘तुकाराम इंग्रजीत? त्यात राम राहत नाही,’ असं चांगली वाचणारी माणसं मला सांगतात. त्यांची तळमळ खरी आहे. अभंग गायचा असतो, टाळावर धरायचा असतो, आणि कागदावरच्या इंग्रजी ओळींना टाळ धरता येत नाही. तरीही मी त्यांना विचारतो, आज हे इंग्रजी वाचणारा आहे कोण? शंभर वर्षांपूर्वी तो लंडनचा किंवा न्यूयॉर्कचा अभ्यासक होता. आज तो आपल्या घरात आहे. २०२१ मध्ये वाघोली पुणे महापालिकेत आली. खराडीच्या कंपन्यांत काम करणारी हजारो कुटुंबं इथल्या सोसायट्यांत राहतात. शेजारी कुणी बिहारचं, कुणी केरळचं. आणि मराठी घरातली मुलंसुद्धा बालवाडीपासून इंग्रजीत शिकतात. त्यांना आजीची आरती ऐकून पाठ असते, गाथा मात्र वाचता येत नाही. या मुलांसाठी इंग्रजी हा तुकोबांपर्यंत जाणारा उंबरठा आहे. ‘आधी मराठी नीट शिका, मग या’ असं त्यांना सांगणं म्हणजे दार लावून घेणं आहे.

आता हे काम आजवर कसं झालं ते पाहू. १८६७ मध्ये मुंबई इलाख्याच्या शिक्षण खात्याचे संचालक सर अलेक्झांडर ग्रँट यांनी ‘फोर्टनाइटली रिव्ह्यू’ या इंग्लंडच्या मासिकात तुकोबांवर लेख लिहिला. दोनच वर्षांनी, १८६९ मध्ये, विष्णुशास्त्री पंडित आणि शंकर पांडुरंग पंडित यांनी संपादलेली गाथा इंदुप्रकाश छापखान्यातून निघू लागली. तिला सरकारने चोवीस हजार रुपयांचं साहाय्य केलं होतं. त्या मराठी गाथेला जनार्दन सखाराम गाडगीळांनी लिहिलेलं तुकोबांचं इंग्रजी चरित्र जोडलेलं आहे. छापील गाथेच्या पहिल्या मोठ्या आवृत्तीपासूनच तुकोबांना इंग्रजीचा शेजार आहे, हे आक्षेप घेणाऱ्यांनी ध्यानात घ्यावं. पुढे १९०९ ते १९१५ या काळात जे. नेल्सन फ्रेझर आणि के. बी. मराठे यांचे तीन खंड मद्रासहून प्रसिद्ध झाले. त्यात काव्य शोधू नये, ते गद्य आहे आणि कोरडं आहे. पण प्रामाणिक आहे. एखाद्या अवघड अभंगाचा अर्थ ताडून पाहायला अभ्यासक अजून ते खंड उघडतात.

वाघोलीवरून जाणारा नगर रस्ता या इतिहासात पुन्हा पुन्हा येतो. पुण्याकडे जाताना येरवडा लागतं. तिथल्या तुरुंगात १९३० मध्ये गांधीजींनी मीराबहेनसाठी आश्रम भजनावलीचं इंग्रजी केलं. भजनावलीत आपले मराठी अभंगही आहेत. नागपुरात शिकवलेल्या जॉन हॉयलंड या क्वेकर गृहस्थांनी त्या भाषांतरांना पद्याचं रूप दिलं आणि १९३४ मध्ये लंडनहून ‘साँग्ज फ्रॉम प्रिझन’ हे पुस्तक निघालं. याच रस्त्याने उलट दिशेला नगर. तिथे १८३१ पासून अमेरिकन मराठी मिशनचं ठाणं होतं. त्या मिशनचे जस्टिन ॲबट निवृत्तीनंतर अमेरिकेत न्यू जर्सीला राहिले आणि तिथून त्यांनी महाराष्ट्राच्या संतकवींची मालाच काढली. १९२६ मध्ये भानुदास, १९२७ मध्ये एकनाथ, १९२९ मध्ये बहिणाबाई, १९३० मध्ये महिपतींच्या शब्दांतले तुकाराम. ही पुस्तकं छापली पुण्यात, स्कॉटिश मिशनच्या छापखान्यात. १९३० च्या त्या खंडातून रामेश्वरभट्टांची वाघोलीही इंग्रजीत गेली. नगरच्या पुढे गेलं की नेवासं, जिथे शके १२१२ मध्ये ज्ञानेश्वरी सांगितली गेली. संस्कृत गीतेचे सातशे श्लोक मराठीच्या नऊ हजार ओव्यांत आणणारा तो ग्रंथ १९६७ आणि १९६९ मध्ये दोन खंडांत इंग्रजी झाला, युनेस्कोच्या मालेत. भाषांतर वि. ग. प्रधानांचं, संपादन लंडनच्या हेस्टर लँबर्ट यांचं.

आता ही नावं मी मुद्दाम जोडीने घेतो. फ्रेझर आणि मराठे. ॲबट आणि नरहर गोडबोले. १९३२ मध्ये ॲबट वारल्यावर महिपतींचे मोठे खंड ज्यांच्यामुळे वाचकांच्या हाती आले, ते गोडबोले. प्रधान आणि लँबर्ट. ॲन फेल्डहाउस आणि शं. गो. तुळपुळे, ज्यांनी महानुभावांचं ‘स्मृतिस्थळ’ १९९२ मध्ये इंग्रजीत आणलं आणि जुन्या मराठीचा कोश १९९९ मध्ये सिद्ध केला. तो छापून आला तेव्हा तुळपुळे हयात नव्हते. गेल ऑम्व्हेट आणि भारत पाटणकर, ज्यांनी कासेगावात राहून चळवळीच्या धामधुमीत तुकोबा इंग्रजीत आणले. नीला भागवत आणि जेरी पिंटो, ज्यांनी मुक्ताबाई, जनाबाई, सोयराबाईंचे अभंग इंग्रजीत नेले. भागवत स्वतः गायिका, म्हणून तिथे अभंगाचा श्वास कुठे तुटतो हे जाणणारा कान होता.

माझं सांगणं एवढंच आहे की संतसाहित्याचं टिकणारं भाषांतर बहुतेक वेळा दोघांनी मिळून केलेलं आहे. एकाला मूळ ओवी आतून कळते, गावचा व्यवहार कळतो, वारी कळते. दुसऱ्याचं इंग्रजी त्याच्या श्वासासारखं सहज असतं. दोघांनी एका मेजावर बसून भांडायचं, हट्ट धरायचा, सोडायचा. एकट्याने पेललेली कामंही आहेत. काशिनाथ त्र्यंबक तेलंगांची गीता १८८२ मध्ये मॅक्स म्यूलरच्या ‘सेक्रेड बुक्स ऑफ द ईस्ट’ मालेत आठवा खंड म्हणून आली. दिलीप चित्रे यांचं ‘सेज तुका’ १९९१ मध्ये पेंग्विनने काढलं आणि तुकोबा जगभर पोचले. पण चित्रे दोन्ही भाषांत कवी होते. त्याच्या आदल्याच वर्षी त्यांचं मराठी ‘पुन्हा तुकाराम’ आलेलं होतं. ती जोडी एकाच माणसात नांदत होती. तसंच अरुण कोलटकरांचं. असे कवी पिढीत एखाददुसरे जन्मतात. त्यांची वाट पाहत बाकीचं काम अडवून ठेवता येत नाही.

आणि जोडीतल्या मराठी माणसाला आपणच विसरतो, याचं मला मनापासून दुःख आहे. फ्रेझरचं नाव निघतं, मराठ्यांचं राहून जातं. ॲबटचं ऋण मानतो, गोडबोले कोण हे विचारत नाही.

ऋण मानतानाही डोळे उघडे ठेवायला हवेत. मिशनऱ्यांनी निवडलं ते त्यांच्या प्रार्थनेला जवळचं. निकोल मॅक्निकल यांनी १९१९ मध्ये संतांची एकशे आठ पदं इंग्रजीत दिली आणि पुस्तकाला बायबलमधल्या स्तोत्रांचं नाव दिलं. त्यात आर्त भक्त भेटतो. भारुडात नाचणारे, टोचून बोलणारे एकनाथ त्या वाटेने फारसे आले नाहीत. चोखोबांची वेदना इंग्रजीत नीट पोचायला शतक उलटावं लागलं. रोहिणी मोकाशी-पुणेकरांसारख्या अभ्यासकांनी ते काम हाती घेतलं तेव्हा ती पोचली.

आजचा धोका निराळा आहे. रोज सकाळी मोबाइलवर इंग्रजीत दोन ओळी येतात, खाली ‘संत तुकाराम’ लिहिलेलं असतं. कोणता अभंग, कुणाचं भाषांतर, काही पत्ता नसतो. आणि त्या ओळी नेहमी गोड असतात. तुकोबा गोड बोलण्यापुरते नव्हते. १६३० च्या दुष्काळात त्यांची पहिली पत्नी अन्नावाचून गेली, दुकान बुडालं, पत गेली. त्यातून आलेला माणूस विठ्ठलाशी भांडतो, स्वतःवर संशय घेतो, दांभिकांना चारचौघांत उघडं पाडतो. ती नीती माणसाला आतून हलवते. तिचा सुविचार करून वाटला, तर वाचणाऱ्याला तुकोबा कळल्याचं समाधान तेवढं मिळतं आणि गाथा उघडायची गरजच वाटेनाशी होते. वह्या बुडवणाऱ्यांनी निदान तुकोबांचं म्हणणं गंभीरपणे घेतलं होतं.

म्हणून प्रकाशकांना माझी विनंती आहे की संतांचं इंग्रजी पुस्तक यापुढे मुळाशिवाय काढू नका. समोरासमोर छापा. म्हाइंभटांच्या लीळाचरित्राची फेल्डहाउस यांनी केलेली नवी आवृत्ती हार्वर्डहून याच पद्धतीने येते आहे, एका पानावर नागरीतली मराठी आणि समोर इंग्रजी. अमेरिकेतल्या विद्यापीठाला परवडतं ते आपल्याला परवडलं पाहिजे. सोबत टिपा द्या, दुष्काळाच्या, सावकारीच्या, जातीच्या उतरंडीच्या. एखाद्या वृद्ध वारकऱ्याला मसुदा वाचून दाखवा आणि तो जिथे मान हलवेल तिथे थांबा. दोन्ही नावं मुखपृष्ठावर एकाच आकारात छापा.

आणि वाघोलीकरांनो, तुमच्याकडे एक मागणं आहे. या मंडपात निवृत्त मराठी शिक्षक आहेत, कीर्तनकार आहेत, आणि मागच्या रांगांत सफाईने इंग्रजी लिहिणारी तरुण मुलंमुलीही आहेत. रामेश्वरभट्टांचे अभंग थोडे आहेत, ते या गावचे आहेत. आजच्या कार्यक्रमानंतर घरी जाण्यापूर्वी एका शिक्षकाने एका तरुणाला गाठावं आणि त्यातला पहिला अभंग कोणत्या दिवशी हाती घ्यायचा ते ठरवावं.