परीराज्याची जकात



ज्यांच्या स्मृत्यर्थ ही व्याख्यानमाला चालते, ते हाडाचे शिक्षक होते. म्हणूनच, ज्या कथांना शिक्षक सहसा वर्गाच्या उंबरठ्याबाहेर ठेवतात, त्यांच्याविषयी आज बोलावे असे मी ठरविले. माणसांचे जग आणि अद्भुताचे जग यांच्यात चालणाऱ्या व्यापाराच्या या कथा आहेत.

वाणी आणि विद्याधर ही जोडी प्रथमदर्शनी विसंगत वाटेल. पण ती फार जुनी आहे. अकराव्या शतकात काश्मीरमध्ये सोमदेवाने रचलेल्या कथासरित्सागरातील शक्तिदेव कनकपुरी या अलौकिक नगरीच्या शोधात निघतो, तो एका व्यापाऱ्याच्या जहाजातूनच. हे स्वाभाविकच आहे. परक्या मुलखाची वाट व्यापाऱ्याइतकी कोणाला ठाऊक असणार? मात्र व्यापार म्हटला की तीन प्रश्न आलेच : माल कोणता, मोल काय, आणि नाक्यावर कोण बसले आहे? या प्रश्नांची उत्तरे मी दोन इंग्रजी कृतींच्या आधारे शोधणार आहे.

पहिली कृती क्रिस्टिना रोझेटी या कवयित्रीचे 1862 साली प्रसिद्ध झालेले ‘गॉब्लिन मार्केट’ हे दीर्घकाव्य. ओढ्याकाठी सायंकाळी भुतावळीचा फळबाजार भरतो. लॉराजवळ पैसे नाहीत. विक्रेते तिच्या सोनेरी केसांची एक बट मागतात. ती बट देते, फळे खाते आणि झुरू लागते. पुन्हा तो बाजार तिला ऐकूही येत नाही. मग तिची बहीण लिझी रुपेरी नाणे घेऊन बाजारात जाते. तिला फळे घरी न्यायची आहेत. पण विक्रेत्यांना ते मान्य नाही. तिने तिथेच बसून खावे असा त्यांचा हट्ट! त्यांना नाणे नको, गिऱ्हाईक हवे आहे. या बाजारात माणूस स्वतःच मोल म्हणून मोजला जातो. अद्भुत फुकट मिळत नाही, हे कवयित्रीने स्पष्ट सांगितले आहे. लिझी तोंड घट्ट मिटून त्यांचा मार सोसते आणि अंगावर माखलेला रस घेऊन परतते. त्याच रसाने लॉरा बरी होते. जे विष, तेच औषध. फरक आहे तो ते कोण आणते आणि कशासाठी आणते, यात.

दुसरी कृती होप मिरलीज यांची ‘लड-इन-द-मिस्ट’ ही 1926 सालची कादंबरी. डोरिमेअर हा सुखवस्तू व्यापाऱ्यांचा देश. त्याच्या सीमेला लागून परीराज्य आहे, आणि राजधानीतून वाहणारी डॅपल नदी तिकडूनच येते. कादंबरीतील काळाच्या दोनशे वर्षे आधी व्यापाऱ्यांनी लहरी सरदाराला हाकलून सत्ता घेतली आणि परीराज्यातील फळांवर बंदी घातली. बंदी इतकी कडक की त्या फळाचे नाव उच्चारणेही असभ्य ठरले. पण ज्याचे नाव घ्यायचे नाही, त्याच्या चोरट्या व्यापाराला शिक्षा कशी द्यायची? कायद्याने युक्ती काढली : पकडलेल्या फळाला रेशमी कापड मानायचे आणि त्यानुसार खटला चालवायचा!

श्रोतेहो, येथे हसू येते. पण ते फार वेळ टिकत नाही. फळे येतच राहतात. ती नगराध्यक्ष नॅथॅनिएल चाँटिक्लिअर याच्या मुलाच्या पोटात जातात. मुलींच्या प्रतिष्ठित शाळेतही पोचतात, आणि त्या मुली परीराज्याच्या वाटेला लागतात. ज्यांनी मुलांना सावध करायचे, त्यांच्याजवळ त्या वस्तूसाठी शब्दच उरलेला नसतो. अखेरीस सहकाऱ्यांनी कायद्याने ‘मृत’ ठरविलेला हा बाप स्वतः सीमा ओलांडतो आणि मुलांना परत आणतो. त्यानंतर फळांचा व्यापार उघड होतो. साखरेत पाकवलेली ती फळे देशाची निर्यात बनतात.

मिरलीज बाईंनी फळांना निरुपद्रवी म्हटलेले नाही. ती खाऊन माणसे खरोखरच भ्रमतात. त्यांचे म्हणणे एवढेच की नदीचा उगम ज्या बाजूला आहे, त्या बाजूचे नाव नकाशातून पुसून नदी थांबत नाही. व्यापार होणारच, तो उजेडात व्हावा की अंधारात, एवढेच ठरविणे आपल्या हाती असते.

या ग्रंथाचे पुढे काय झाले तेही पाहण्यासारखे आहे. 1970 साली अमेरिकेत त्याचे पुनर्मुद्रण झाले, ते लेखिकेच्या परवानगीवाचून. त्या हयात आहेत की नाहीत, याचाही प्रकाशकांना पत्ता नव्हता. त्या हयात होत्या. 1978 साली त्यांचे निधन झाले. चोरट्या मालाची कथा स्वतःच बिनपरवाना सीमापार गेली!

आपण सीमाभागातील माणसे आहोत. ‘अण्णा’ आणि ‘अक्का’ हे शब्द कन्नडमधून मराठीत आले, तेव्हा कोणत्या नाक्यावर त्यांची झडती झाली? कृष्णशास्त्री चिपळूणकरांनी अरबी भाषेतील सुरस व चमत्कारिक गोष्टी मराठीत आणायला घेतल्या, तेव्हा एका विद्वानाने उघड्या दाराने केलेली ती आयातच होती. त्या गोष्टींनी मराठी वाचक बिघडला नाही. तो वाचक झाला.

म्हणून शिक्षकबंधुभगिनींना माझी एक विनंती आहे. मुलांच्या दप्तरात अद्भुत आधीच आलेले आहे. पडद्यावरून, खेळांतून, मित्रांच्या कुजबुजीतून. त्याला ‘रेशीम’ म्हणून गप्प बसू नका. ग्रंथालयाच्या कपाटाची किल्ली हाताशी ठेवा, मुलांबरोबर ती पुस्तके वाचा, आणि त्या फळाचे मोल काय पडते तेही त्यांना सांगा. नाक्यावर बसलेला माणूस माल ओळखणारा असला, की त्याला वाट अडवून बसावे लागत नाही.