पुनर्मूल्यांकनातील विलंब आणि न्यायालय



परीक्षेच्या निकालासाठी विद्यार्थ्यांना उच्च न्यायालयाची पायरी चढावी लागावी, ही गोष्ट कोणत्याही विद्यापीठास भूषणावह नाही. २०१७ च्या उन्हाळ्यात मुंबई विद्यापीठाने पुरेशा पूर्वतयारीवाचून सर्व उत्तरपत्रिका संगणकाच्या पडद्यावर तपासण्याचा घाट घातला. उत्तरपत्रिका होत्या सुमारे १७ लाख! कुलपतींनी घालून दिलेली ३१ जुलैची मुदत टळली. अनेक निकाल त्यानंतर कितीतरी आठवड्यांनी लागले, आणि मग पुनर्मूल्यांकनाच्या अर्जांचा ढीग साचला. विद्यार्थी मुंबई उच्च न्यायालयात गेले. २४ ऑक्टोबर रोजी कुलगुरूंना पदावरून दूर करण्यात आले. पण विद्यार्थ्यांचे गेलेले महिने कोणी परत केले?

न्यायालय या बाबतीत काय करू शकते, हे नीट समजून घेतले पाहिजे. महाराष्ट्राच्या माध्यमिक व उच्च माध्यमिक शिक्षण मंडळाच्या खटल्यात मुंबई उच्च न्यायालयाने उत्तरपत्रिका पाहण्याचा व पुनर्मूल्यांकनाचा हक्क मान्य केला होता. सर्वोच्च न्यायालयाने १९८४ साली तो निर्णय फिरविला. पुढे माहिती अधिकाराचा कायदा आला आणि २०११ साली त्याच न्यायालयाने आपली तपासलेली उत्तरपत्रिका पाहण्याचा परीक्षार्थीचा अधिकार मान्य केला. तथापि स्वतः गुण देण्याचे काम न्यायालय आपल्याकडे घेत नाही, आणि ते योग्यच आहे. विधिज्ञाने रसायनशास्त्राचा पेपर तपासावा, अशी अपेक्षा कोणी करू नये.

विलंबाची गोष्ट मात्र वेगळी. तेथे विद्वत्तेचा प्रश्न नसून कर्तव्याचा आहे. महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठे अधिनियम, २०१६ अन्वये निकाल ३० दिवसांत, फार तर ४५ दिवसांत लागला पाहिजे. न लागल्यास? विद्यापीठाने कारणांसह अहवाल कुलपतींना व शासनाला पाठवावा! विद्यार्थ्याच्या नुकसानीचा त्या कलमात उल्लेखही नाही.

हे नुकसान सर्वांचे सारखे नसते. सधन घरचा मुलगा खाजगी संस्थेत पैसे भरून जागा धरून ठेवतो. ज्याच्या पहिल्या पगाराकडे घर डोळे लावून बसले आहे, त्याला नेमणुकीच्या वेळी गुणपत्रिका दाखविता आली नाही तर नोकरी हातची जाते. वर पुनर्मूल्यांकनाचे शुल्क प्रत्येक विषयामागे आधी त्यानेच भरायचे, चूक परीक्षकाची असली तरी. वकिलाची फी वेगळीच. आणि निकाल बाजूने लागेपर्यंत पदव्युत्तर प्रवेशाची मुदत संपलेली असते.

म्हणून मागणी नेमकी हवी. पुनर्मूल्यांकनाचीही मुदत कायद्यात दिवसांच्या आकड्याने लिहिली जावी, ती टळल्यास शुल्क परत मिळावे व भरपाई विद्यापीठाच्या निधीतून दिली जावी, आणि तोवर तात्पुरता प्रवेश मिळावा. कार्यकर्त्यांनी महाविद्यालयवार अर्जांच्या पावत्या व तारखा आतापासूनच गोळा कराव्यात. एकेकट्या विद्यार्थ्याने खर्च सोसून न्यायालयात जाण्यापेक्षा शेकडो जणांची एकत्रित याचिका त्या पावत्यांच्या आधारे उभी करता येईल.