जुवाला जुंपलेली पाने



वैशाखात अकोल्याचा पारा ४५ अंश ओलांडतो. पूर्णाकाठची काळी जमीन भेगाळते आणि खारपाणपट्ट्यातील विहिरी तर पाणी असूनही तहान भागवीत नाहीत. अशा मुलखात कोण टिकते, हे पाहावयाचे तर धुऱ्यावर जावे. तेथे आपल्याला आज ज्या कुळाची ओळख करून घ्यावयाची आहे, ते गोक्षुर कुल भेटेल.

१८१४ साली रॉबर्ट ब्राऊन या शास्त्रज्ञाने या कुळास 'जू' आणि 'पान' अशा अर्थाच्या दोन ग्रीक शब्दांवरून नाव दिले. ग्रीकांचे 'झायगॉन' आणि आपले 'जू' हे एकाच मुळाचे शब्द. सराट्याची फांदी हातात घ्या; पाने समोरासमोर, जणू जुवाला जुंपलेली बैलजोडी. त्यातही एक पान थोर, एक बारके! हिंगणाची पाने अशी समोरासमोर नसतात. तेथे जोडी आहे ती एकेका पानातील दोन दलांची.

काट्यांचेही तसेच. धमाशाचे काटे म्हणजे पानाच्या बुडाशी असणाऱ्या उपपर्णांचे रूपांतर. हिंगणाचा काटा ही आखडलेली फांदी, आणि ती हिरवी असल्याने पानाचे कामही थोडेफार करते. सराट्याचा काटा तर थेट फळावर. हत्यार एक, पण लोहार तीन!

सराट्याचे फळ पिकले की त्याचे पाच तुकडे होतात. प्रत्येकात काही बिया असतात. पण त्या सर्व एकदम रुजत नाहीत. बहुधा एकच आधी उगवते, बाकीच्या पुढच्या पावसाची वाट पाहतात. दुबार पेरणीचे दुःख भोगलेल्या वऱ्हाडी कास्तकाराला यातील शहाणपण आम्ही काय सांगावे? पायात रुतणाऱ्या त्या सराट्याने सारे बियाणे एका पावसावर कधी लावलेच नाही.

हिंगण म्हणजे संस्कृतातील इंगुदी. शाकुंतलात कुशाग्रांनी जखमी झालेल्या हरिणशावकाच्या मुखाला शकुंतलेने लावले ते याच्याच बियांचे तेल. फळाच्या गराला साबणासारखा फेस येतो. इंदूरजवळच्या गौतमपुऱ्यात दिवाळीच्या दुसऱ्या दिवशी याच फळांच्या पोकळ कवचांत दारू भरून एकमेकांवर फेकतात. एका झाडाकडे औषध, साबण आणि अस्त्र! आणि याच कुळातील दूरच्या एका अमेरिकन झाडाचे लाकूड इतके जड की ते पाण्यात बुडते.

असे असता आपण या झाडांना काय म्हणतो? 'काटेरी झुडूप', 'तण', 'निरुपयोगी'. ट्रॅक्टर वळावा म्हणून धुरे मोडले जातात आणि धुऱ्याबरोबर हिंगणही जाते. सराटा शेतात माजू द्यावा, असे आमचे म्हणणे नाही. डवऱ्याखाली तो जावयाचाच. परंतु हिंगण तोडण्यापूर्वी तरुण मंडळींनी घरच्या म्हाताऱ्यांना त्याचे नाव आणि उपयोग विचारून घ्यावा. झाड तुटल्यावर ते पुन्हा लावता येईल. त्याचे नाव जाणणारा माणूस गेला, तर ते कोणते झाड लावावयाचे हेच कोणाला कळणार नाही.

पाणी कमी असताना कसे जगावे, याचे धडे या कुळाने आपल्याच धुऱ्यावर मांडून ठेवले आहेत. ते वाचणारे डोळे तेवढे शाबूत राहोत.