जोयड्याचे पाणी कुठे मुरते, कुठे टिकते

(गणेशोत्सवातील भाषणाचा मजकूर)



बाहेर पाऊस कोसळत असताना पाणीटंचाईवर बोलायला उभा राहिलो, याचे काहींना हसू येईल. पण विहीर काठोकाठ भरलेली असतानाच तिचा हिशेब शांतपणे मांडता येतो. आटल्यावर फक्त धावपळ होते.

आपला जोयडा तालुका घाटमाथ्याचा. काळी नदी इथेच, डिग्गीच्या बाजूला उगम पावते. सुपा धरण इथलेच. कॅसलरॉकचा पाऊस तर ज्याने एकदा अनुभवला तो विसरत नाही. तरीही होळी झाली की विहिरीचा दोर वाढवावा लागतो, आणि अक्षय्य तृतीयेच्या सुमारास डोंगरातला झरा बोटभर होतो. एवढे पाणी पडते, मग ते जाते कुठे? आजचा विषय एवढाच.

पहिल्यांदा एक गैरसमज दूर करू. जमिनीखाली नद्या वाहतात, तळी साचलेली असतात, असे आपण लहानपणापासून ऐकतो. पाणाड्याही सांगतो, ‘इथून झरा जातो.’ प्रत्यक्षात बहुतेक ठिकाणी पाणी असते ते खडकाच्या कणांमधल्या पोकळीत, छिद्रांत आणि भेगांत. ज्या थरात पाणी साठते आणि ज्यातून ते विहिरीला किंवा झऱ्याला मिळू शकते, त्या थराला शास्त्रात ‘जलधर’ म्हणतात. खरीखुरी भुयारे लागतात ती चुनखडीत, कारण पावसाचे किंचित आम्लधर्मी पाणी चुनखडी विरघळवते. दांडेलीजवळच्या कवळा गुहा त्यातल्याच. पण तो आपल्याकडे अपवाद आहे.

जलधराचे गुण दोन. पाणी साठवणे आणि पाणी वाहू देणे. हे दोन्ही गुण एकाच थरात असतीलच असे नाही. समोर बसलेला बाप्पा पाहा. शाडूची ओली माती निम्मी पाण्याने भरलेली असू शकते, पण मुठीत दाबली तरी थेंब देत नाही. तिची छिद्रे इतकी बारीक असतात की पाणी कणांना चिकटून राहते. उलट नदीकाठची वाळू घ्या. तिच्यात पोकळी मातीपेक्षा कमीच असते, पण ती मोठी आणि एकमेकींना जोडलेली असते, म्हणून खड्डा केला की पाणी भरते. फ्रान्समधल्या दिजाँ शहराचा अभियंता हेन्री डार्सी याने १८५६ मध्ये वाळूतून पाणी सोडून याचा नियम मांडला. पाणी किती वेगाने झिरपेल हे उतारावर आणि थराच्या झिरपू देण्याच्या गुणावर अवलंबून असते. आजही भूजलाचे गणित त्याच नियमावर चालते.

जलधराचे मुख्य प्रकार तीन. वर झाकण नसलेला तो मुक्त जलधर. पावसाचे पाणी सरळ खाली मुरते आणि विहिरीतली पातळी ऋतूप्रमाणे वरखाली होते. आपल्या बहुतेक उघड्या विहिरी याच थरात आहेत. दुसरा बंदिस्त जलधर. त्याच्या वर आणि खाली पाणी न सोडणारे थर असतात, त्यामुळे आतले पाणी दाबाखाली राहते. भोक पाडले की ते वर चढते. फ्रान्समधल्या आर्त्वा प्रांतातल्या अशा विहिरींवरून आर्टेशियन हा शब्द आला. तिसरा अधांतरी जलधर. डोंगरात मध्येच चिकणमातीचा थर लागतो, त्यावर थोडे पाणी अडते आणि उताराच्या कडेला झरा होऊन बाहेर पडते. आपल्या वाड्या-वस्त्यांचे अनेक झरे अशाच छोट्या साठ्यांवर जगतात.

आपल्यातल्या अनेक घराण्यांचे मूळ देशावर. तिथला काळा कातळ म्हणजे लाव्हाचे एकावर एक थर, सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचे. त्यातले जाळीदार थर पाणी देतात, भरीव थर देत नाहीत, आणि मधला तांबडा गेरूचा पट्टा झाकणाचे काम करतो. खानदेशात तापीकाठी यावल-रावेरकडे गाळाची जाड भर आहे, केळीच्या बागा तिच्यावर उभ्या राहिल्या. तरीही बेसुमार उपशाने तिथली पाणीपातळी खूप खोल गेली.

जोयड्याचा कातळ या दोन्हींहून वेगळा आणि त्यांच्याहून फार जुना. धारवाड गटाचे हे खडक अडीचशे कोटी वर्षांहून जुने आहेत. ते घट्ट आहेत, त्यांत पाणी फक्त भेगांत राहते. सिंथेरीचा प्रचंड एकसंध कडा पाहिलात ना? पाणी त्याच्या अंगावरून घसरून जाते, आत शिरत नाही. या कातळाच्या वर झिजलेला मऊ थर, त्यावर पिवळसर-गुलाबी चिकणमाती आणि सर्वांत वर बऱ्याच ठिकाणी जांभा. आपण त्याचा चिरा काढतो. कॅनरा-मलबार फिरलेल्या फ्रान्सिस बुकानन याने १८०७ मध्ये त्याला लॅटराइट हे नाव दिले, लॅटिनमधल्या विटेच्या शब्दावरून.

जांभा भोकाभोकांचा. पाणी पटकन पितो आणि पटकन सोडतो. खाली चिकणमाती लागली की पाणी आडवे सरकते आणि सड्याच्या कडेला झऱ्यातून ओहोळात जाते.

आता थोडे गणित. एका हेक्टरवर, म्हणजे साधारण अडीच एकरांवर, पावसाळ्यात ३००० मिलिमीटर पाऊस पडला असे धरू. ते झाले ३ कोटी लिटर पाणी. त्याखाली १० मीटर जांभा पूर्ण भिजला, तर त्यातून सुटून येणारे पाणी किती? केंद्राच्या भूजल अंदाज समितीने १९९७ मध्ये जांभ्यासाठी २.५ टक्के हे प्रमाण सुचवले. म्हणजे २५ लाख लिटर, पडलेल्या पावसाचा जेमतेम बारावा हिस्सा. नदीकाठच्या वाळूमिश्र गाळाला प्रमाण १६ टक्के, म्हणजे तेवढ्याच जाडीत १ कोटी ६० लाख लिटर. आणि फारशा भेगा नसलेल्या अखंड कातळाला ०.३ टक्के, म्हणजे फक्त ३ लाख लिटर.

मंडळी, आपले दुखणे इथे आहे. पाऊस कमी नाही, भांडे लहान आहे. ते लवकर भरते, पुढचा पाऊस वरून वाहून जातो. शिवाय भांड्याला कडेने गळती आहे. ती गळती म्हणजेच आपले झरे, आणि उन्हाळ्यात काळीला येऊन मिळणाऱ्या ओहोळांचे पाणी. म्हणून तिला नुसती गळती म्हणून हिणवूही नये.

अशा जागी बोअरवेलची गाडी येते. दोनशे फूट, चारशे फूट, धूळ उडत राहते. खोल जावे तसे पाणी वाढते हा समज कठीण कातळात बहुधा खोटा ठरतो. वरच्या वजनाने खोलवरच्या भेगा मिटत जातात. एखादी भेग लागली आणि पाणी पाईपात शंभर फूट वर चढले, की घरात पेढे वाटतात. पण पाणी वर चढते ते दाबामुळे. त्यावरून साठा मोठा आहे असे ठरत नाही. त्या भेगेतले पाणीही शेवटी वरच्या मऊ थरातूनच आलेले असते. तेव्हा एकाच्या पंपाने खालच्या वाडीचा झरा बारीक होऊ शकतो, आणि भावकीत अबोला धरायला तेवढे कारण पुरते. बोअर मारूच नये असे मी म्हणत नाही. पण ती घेताना नवे पाणी सापडले असे समजू नये. जुन्याच घागरीत आणखी एक नळी घातली, असे समजावे.

मग करायचे काय? पहिले, झरा जिथे फुटतो तिथे बांध घालून भागत नाही, त्याला पाणी देणारा वरचा सडा आणि रान जपावे लागते. सिक्कीमने ‘धारा विकास’ कार्यक्रमात हेच केले. झऱ्यांना पाणी पुरवणारा उतार शोधून तिथे चर खोदले. पुण्याच्या ॲक्वाडॅम संस्थेच्या भूजलतज्ज्ञांचा त्या कामाला हातभार लागला. दुसरे, झऱ्याच्या डोक्यावर चिरेखाण नको. चिरा काढला की घराची भिंत उभी राहते, पण पाणी साठवणारा थर तेवढा कमी होतो. तिसरे, हिशेब ठेवणे. नगर जिल्ह्यातल्या हिवरे बाजारने दरवर्षी पाण्याचा ताळेबंद मांडला आणि शेतीसाठी बोअरवेल बंद ठेवल्या. तिथे पाऊस आपल्या काही अंशानेच पडतो, म्हणून त्यांना हिशेब आधी सुचला.

आपण सुरुवात दोराने करू. दोराला हातहातभर अंतरावर गाठी मारा. विसर्जनाच्या दिवशी, दिवाळीला, संक्रांतीला, होळीला आणि अक्षय्य तृतीयेला विहिरीच्या काठापासून पाणी किती गाठी खाली आहे ते मुलांना मोजू द्या आणि घरच्या कालदर्शिकेवर लिहून ठेवा. झरा असेल तर एक घागर भरायला किती वेळ लागतो ते लिहा. दोन-तीन वर्षांत कळेल की आपले भांडे केवढे आहे, ते कधी रिकामे होते, आणि कुणाच्या पंपाने कुणाचे पाणी उतरते. मग वाडीच्या बैठकीत आवाज चढवावा लागणार नाही, वही पुढे ठेवली की पुरे.

आपल्या वाडवडिलांनी झऱ्याकाठी देव बसवला, तिथले झाड तोडू दिले नाही. त्यांच्यापाशी ही आकडेवारी नव्हती, पण पाणी वरून येते आणि वरचे रान गेले की ते जाते, एवढे त्यांना पक्के ठाऊक होते. तेवढे आपण विसरलो नाही, तरी यंदाचा उत्सव सार्थकी लागला असे मी समजेन.

गणपती बाप्पा मोरया!