उजवा डोळा लवतो तेव्हा
(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



बाईचा डावा डोळा लवला तर शुभ, उजवा लवला तर अशुभ, हे आपण आजीच्या तोंडून ऐकत आलो. कालिदासाच्या शाकुंतलातसुद्धा दुष्यंताने ओळख नाकारण्यापूर्वी शकुंतलेचा उजवा डोळा लवतो. गेल्या वर्षी माझाही लवला. मुलगा नुकताच सुरतेस कामाला गेलेला. मग काय विचारता! रात्रभर झोप नाही, उशाशी मोबाईल, दिवसाला सात-आठ कप चहा. पापणी अधिकच फडफडू लागली. मुलगा तिकडे खुशाल होता!

पापणी मिटणारा स्नायू फार नाजूक. झोप अपुरी पडली, मनाला घोर लागला, चहा अति झाला, चुलीच्या धुराने डोळे चुरचुरले, की तो आपोआप आकसू लागतो. म्हणजे अपशकुनाला मी भ्याले, आणि त्या भीतीनेच पापणीला थांबू दिले नाही.

उपाय घरचेच आहेत. वेळेवर निजावे. चहा दोन कपांवर आणावा. माझा अजून तीनच्या खाली आलेला नाही, हे कबूल करते. कोमट पाण्यात पिळलेले स्वच्छ फडके मिटल्या डोळ्यांवर पाच मिनिटे ठेवावे. स्वयंपाक करताना खिडकी उघडी असावी. झाडपाल्याचा रस मात्र डोळ्यात घालू नये.

बहुधा थोड्या दिवसांत थांबते. दोन-तीन आठवडे थांबलेच नाही, डोळा गच्च मिटू लागला, पापणी खाली उतरली, गाल-ओठही ओढू लागले, किंवा डोळा लाल होऊन चिपडे येऊ लागली, तर धडगावच्या ग्रामीण रुग्णालयात दाखवावे. बाजारच्या दिवसापर्यंत थांबू नये.